पेन्शनची केस वेळेत निघावी म्हणून: सेवापुस्तकापासून पहिल्या पेन्शनपर्यंत

दर वर्षी जून उजाडला की माझा फोन वाजायला लागतो. आपल्या मराठवाड्यात पूर्वी शाळेत नाव घालताना गुरुजी अंदाजाने १ जून ही जन्मतारीख लिहीत. महिन्याच्या एक तारखेला जन्मलेला कर्मचारी आधीच्या महिन्याच्या शेवटच्या दिवशी निवृत्त होतो, म्हणून ही सगळी मंडळी ३१ मे रोजी एकदम बाहेर पडतात. शिक्षक, ग्रामसेवक, तलाठी, आरोग्य सेविका, शिपाई मामा. आणि मग एकच प्रश्न : "ऑफिस म्हणतं केस पाठवली, कोषागार म्हणतं आलीच नाही. आता काय करू?"

मी आयुष्याची बरीच वर्षं आस्थापनेच्या टेबलावर काढली. दुसऱ्यांच्या पेन्शन केसेस बांधल्या. तरी माझी स्वतःची ग्रॅच्युइटी अकरा महिने उशिरा मिळाली, कारण एका वेतननिश्चितीवर, म्हणजे नव्या श्रेणीत पगार ठरवल्याच्या नोंदीवर, पडताळणीचा शिक्का नव्हता. तेव्हा मुलीचं लग्न ठरलेलं होतं, आणि सेवाभर पगार वेळेवर उचललेला माणूस सावकाराकडे कसा जातो ते मी अनुभवलं. ते दुसऱ्या कुणावर येऊ नये म्हणून हे सगळं क्रमाने लिहितो आहे. क्रम महत्त्वाचा आहे. बहुतेक लोक शेवटच्या टप्प्यावर धावपळ करतात, आणि गाठ बसलेली असते पहिल्या टप्प्यात.

हा लेख मुख्यतः १ नोव्हेंबर २००५ पूर्वी नेमणूक झालेल्यांसाठी आहे. त्यानंतर लागलेल्यांचं निवृत्तिवेतन वेगळ्या योजनेतून येतं. पण सेवापुस्तक (नोकरीभरच्या नोंदींचं पुस्तक), ग्रॅच्युइटी, रजा रोखीकरण आणि पाठपुरावा यांबद्दल इथे जे लिहिलंय ते त्यांनाही उपयोगी पडेल.

## आधी हे ठरवा : तुमची केस कोणत्या वाटेने जाते

इथेच निम्मे लोक चुकतात. शेजारच्या तहसीलमधल्या मित्राची केस नागपूरला गेली म्हणून जिल्हा परिषदेचे गुरुजी नागपूरला फोन लावत बसतात.

राज्य शासनाचे कर्मचारी (महसूल, पोलीस, सार्वजनिक आरोग्य, कृषी वगैरे) : तुमचं कार्यालय केस तयार करतं आणि ती नागपूरच्या महालेखापाल (लेखा व अनुज्ञेयता)-२ कार्यालयात जाते. मराठवाड्यातल्या आठही जिल्ह्यांसाठी हेच कार्यालय आहे, मुंबईचं नाही. तिथून मंजुरीचे आदेश जिल्हा कोषागारात येतात.

जिल्हा परिषदेचे कर्मचारी आणि शिक्षक : केस पंचायत समितीतून जिल्हा परिषदेच्या तुमच्या विभागाकडे, तिथून वित्त विभागाकडे, म्हणजे मुख्य लेखा व वित्त अधिकाऱ्यांकडे जाते. आदेश जिल्ह्यातच निघतो. तुमचा भविष्य निर्वाह निधीही तिथेच असतो.

खाजगी अनुदानित शाळांचे कर्मचारी : मुख्याध्यापक, मग शिक्षणाधिकारी कार्यालय, मग नागपूर. भविष्य निर्वाह निधीची रक्कम मात्र शाळांचे पगार काढणाऱ्या वेतन पथकाकडे.

आपली वाट एका कागदावर लिहा. प्रत्येक थांब्यावरचं टेबल कोणतं, तिथे काम कोण पाहतं, हेही लिहा. पुढे दर वेळी हा कागद लागणार आहे.

## टप्पा १ : दोन वर्षं आधी सेवापुस्तक स्वतः वाचा

महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२ प्रमाणे कार्यालय प्रमुखाने निवृत्तीच्या दोन वर्षं आधी केसचं काम सुरू करायचं असतं. पुढच्या २४ ते ३० महिन्यांत निवृत्त होणाऱ्यांची यादी दर १ जानेवारी आणि १ जुलैला तयार व्हायला हवी. प्रत्यक्षात ही यादी कपाटात राहते. म्हणून पहिली हालचाल तुमची हवी.

एक साधा अर्ज द्या : "माझी सेवानिवृत्ती अमुक तारखेस आहे. मूळ सेवापुस्तक पाहण्यास मिळावे व साक्षांकित प्रत द्यावी." टपालात द्या, पोच घ्या. मग दोन तास मोकळे ठेवून बसा. वही घ्या, तीन रकाने आखा : पान, नोंद, काय कमी आहे.

पहिल्या पानावर नाव, जन्मतारीख अंकी आणि अक्षरी, शिक्षण, पहिल्या नेमणुकीचा आदेश, वैद्यकीय पात्रता प्रमाणपत्र. जन्मतारखेवर खाडाखोड असेल तर तिच्याशेजारी अधिकाऱ्याची सही हवी.

मग वर्षवार सेवा पडताळणी. "दि. १ एप्रिल ते ३१ मार्च या कालावधीची सेवा वेतन देयकांवरून पडताळली" असा शेरा आणि खाली सही. एखाद्या वर्षाचा शेरा असतो, सही नसते. एका शिपाई मामांच्या पुस्तकात मी असं एक पान पाहिलं होतं : निळ्या शाईतला शेरा, गोल शिक्का, आणि सहीच्या जागी पेन्सिलने केलेली फुली. कुणीतरी "इथे सही घ्या" म्हणून फुली मारली आणि सही राहून गेली. ते अधिकारी केव्हाच वारले होते. त्या एका वर्षासाठी केस दोनदा परत आली. शेवटी जुनी वेतन देयकं शोधून आताच्या कार्यालय प्रमुखांनी पडताळणी केली. हे काम दोन वर्षं आधी केलं तर आठवड्याचं आहे. निवृत्तीनंतर तेच सहा महिने खातं, कारण देयकं शोधायला तुमच्यासाठी कुणी गोदामात उतरत नाही.

देयकंच सापडत नसतील तर नियमात वाट आहे. त्या काळात आपण सेवेत होतो असं लेखी निवेदन द्या आणि सोबत त्या काळातला पुरावा जोडा : बदली आदेश, रुजू अहवाल, निधीच्या पावत्या, गोपनीय अहवालाची प्रत.

पुढे हे बघा :

- प्रत्येक बदलीला कार्यमुक्त झाल्याची आणि रुजू झाल्याची तारीख. मधले दिवस कशात धरले ते स्पष्ट हवं.
- असाधारण रजा, विनावेतन रजा, निलंबनाचा काळ. निलंबन काळाचं काय ठरलं याचा आदेश चिकटवलेला हवा.
- संपाचे दिवस. १४ ते २० मार्च २०२३ च्या जुन्या पेन्शनच्या संपात सहभागी असाल तर त्या दिवसांच्या नियमितीकरणाची नोंद पाहा. नोंद नसेल तर सेवेत खंड दिसतो.
- एमएस-सीआयटी, मराठी-हिंदी भाषा परीक्षा किंवा त्यातून सूट, विभागीय परीक्षा. उत्तीर्ण झालात पण नोंद नाही, असं फार होतं. त्यावर वेतनवाढीची वसुली निघते.
- राखीव जागेवर नेमणूक असेल तर जात वैधता प्रमाणपत्राची नोंद. ते अजून मिळालं नसेल तर समितीकडचा पाठपुरावा आजच सुरू करा. हे एकच कारण अनेकांची सगळी केस रोखून धरतं.

हिंगोली, जालना, लातूरकरांनी जपा : नेमणूक एका जिल्ह्यात आणि निवृत्ती नव्या जिल्ह्यात, असं ज्यांचं आहे त्यांची कागदं जुन्या मुख्यालयात राहिलेली असतात. १ मे १९९९ ला हिंगोली परभणीपासून वेगळा झाला. त्याआधी लागलेल्यांनी आपल्या निधीचं खातं, रजेचा हिशेब आणि स्थायित्वाचा आदेश परभणीहून खरंच आला का, हे बघून घ्यावं. "आलं असेल" यावर राहू नका.

## टप्पा २ : वेतननिश्चितीची पडताळणी

मराठवाड्यातल्या केसेस अडकण्याचं हे मला दिसलेलं सर्वांत मोठं कारण. १९९६, २००६ आणि २०१६ च्या वेतन आयोगांच्या वेतननिश्चिती, शिवाय पदोन्नती, कालबद्ध पदोन्नती, आश्वासित प्रगती योजना, शिक्षकांची वरिष्ठ आणि निवड श्रेणी, या प्रत्येकावर पडताळणी झालेली हवी. राज्य कर्मचाऱ्यांची पडताळणी छत्रपती संभाजीनगरच्या वेतन पडताळणी पथकाकडे, जिल्हा परिषदेची वित्त विभागाकडे, अनुदानित शाळांची शिक्षण विभागाच्या लेखाधिकाऱ्यांकडे.

पडताळणीला गेलेलं पुस्तक आक्षेप घेऊन परत येतं. आक्षेप आला म्हणून घाबरू नका. तो आता आला हे चांगलं, निवृत्तीनंतर आला असता तर थेट ग्रॅच्युइटीतून कापला गेला असता. आक्षेपाची प्रत मागून घ्या, वाचा, उत्तर कार्यालयाकडून पाठवून घ्या आणि पुस्तक पुन्हा पडताळणीला जाईपर्यंत मागे लागा. बहुतेक ठिकाणी पुस्तक पहिल्या आक्षेपानंतर कार्यालयातच पडून राहतं. "पाठवलं होतं" हे खरं असतं, "परत पाठवलं" हे नसतं.

किनवट-माहूरसारख्या भागात नोकरी केलेल्यांसाठी खास सूचना. तिथे असताना एकस्तर, म्हणजे एक पायरी वरची, वेतनश्रेणी मिळते आणि तिथून बदली झाली की मूळ श्रेणीत वेतन परत आणावं लागतं. ते परत आणलं गेलं नाही, किंवा पुढच्या वेतन आयोगाची निश्चिती चुकून वरच्या श्रेणीवर झाली, तर दहा-पंधरा वर्षांची जास्तीची रक्कम एकदम वसुलीला निघते. लाखांत जाते. आपली बदली झाली त्या महिन्याचं आणि पुढच्या महिन्याचं मूळ वेतन स्वतः ताडून बघा.

वसुली निघालीच तर हे माहीत हवं : सर्वोच्च न्यायालयाने २०१४ च्या पंजाब राज्य विरुद्ध रफिक मसीह या निकालात काही प्रकारच्या वसुल्यांना मनाई केली आहे. गट क आणि ड मधले कर्मचारी, निवृत्त झालेले किंवा एका वर्षात होणारे, आणि पाच वर्षांहून जुनी जास्तीची रक्कम, हे त्यातले मुख्य. मात्र वेतननिश्चितीच्या वेळी "जास्तीची रक्कम परत करीन" असं हमीपत्र दिलेलं असेल तर तुमची बाजू कमकुवत होते; २०१६ च्या जगदेव सिंग निकालात एका अधिकाऱ्याच्या बाबतीत तसंच झालं. म्हणून कार्यालयाने पुढे केलेल्या वसुलीच्या संमतीपत्रावर न वाचता सही करू नका. "सही करा, केस लगेच पाठवतो" असं कुणी म्हटलं तरी एक दिवस मागून घ्या, समजून घ्या.

## टप्पा ३ : नाव, कुटुंब, नामनिर्देशन

सेवापुस्तकात "माणिकराव", आधारवर "माणिक", बँकेत "माणिक" आणि पॅनवर आडनाव आधी. आपल्याकडे राव, अप्पा, बाई लावायची रीत जिव्हाळ्याची आहे, पण संगणकाला हे तीन वेगळे लोक दिसतात. पत्नीचं नाव तर आणखी बिघडतं : माहेरचं, सासरचं, लाडाचं. कुटुंब निवृत्तिवेतनाच्या वेळी त्या बाईला हे सगळं एकटीने सिद्ध करावं लागतं, तेही दुःखाच्या दिवसांत. हे काम तुम्ही हयात असताना तुमच्या हाताने करून ठेवा.

क्रम असा ठेवा. आधी ठरवा की सेवापुस्तकातलं नाव पाया आहे. मग आधार, पॅन, बँक त्याप्रमाणे दुरुस्त करा. सेवापुस्तकातलंच नाव बदलायचं असेल तर राजपत्रातली नावबदलाची प्रसिद्धी लागते आणि वेळ जातो. जन्मतारीख बदलण्याच्या भानगडीत निवृत्तीच्या तोंडावर पडू नका.

नामनिर्देशन तीन ठिकाणी वेगवेगळं असतं : ग्रॅच्युइटी, भविष्य निर्वाह निधी, गट विमा. नोकरीला लागलात तेव्हा लग्न झालं नव्हतं म्हणून वडिलांचं नाव दिलं आणि ते तसंच राहिलं, असं मी कितीतरी पुस्तकांत पाहिलंय. तिन्ही नव्याने भरा आणि सेवापुस्तकात नोंद करून घ्या. अपंग मूल असेल तर त्याचं नाव कुटुंबाच्या यादीत आणि त्याचं वैद्यकीय प्रमाणपत्र आत्ताच जोडा.

## टप्पा ४ : भविष्य निर्वाह निधी

निवृत्तीआधीचे तीन महिने वर्गणी बंद होते. त्याच्या आधी, निदान वर्षभर, सगळ्या वार्षिक पावत्या एकापुढे एक लावा. एका वर्षाची अखेरची शिल्लक पुढच्या वर्षाच्या आरंभीच्या शिल्लकेशी जुळली पाहिजे. बदलीच्या वर्षांत एक-दोन महिन्यांची वर्गणी गायब असते. वेतन आयोगाच्या थकबाकीचे हप्ते निधीत जमा झाले म्हणतात, पावतीत दिसत नाहीत. अशा प्रत्येक महिन्यासाठी वेतन देयक क्रमांक, प्रमाणक क्रमांक आणि तारीख लागते. ती फक्त आहरण व संवितरण अधिकाऱ्याच्या, म्हणजे पगाराची देयकं काढणाऱ्या अधिकाऱ्याच्या, कार्यालयात मिळते. तुम्ही तिथे नोकरीत आहात तोवर मिळते, असंही म्हणायला हरकत नाही.

## टप्पा ५ : केस भरणे

निवृत्तीच्या सहा महिने आधी केस मंजुरीसाठी गेलेली असली पाहिजे, असं नियमच सांगतो. म्हणजे तुमचे कागद आठ महिने आधी तयार हवेत. काय लागतं : पती-पत्नीचे एकत्रित फोटो, नमुना सह्या किंवा अंगठे, ओळखखुणा, कुटुंबाची यादी, बँक पासबुक आणि रद्द केलेला धनादेश, आधार, पॅन, कायमचा पत्ता. सेवार्थ किंवा शालार्थ या पगाराच्या संगणक प्रणालीत तुमची माहिती याच कागदांप्रमाणे आहे का, ते लिपिकाशेजारी बसून पडद्यावर बघा.

अंशराशीकरणाचा, म्हणजे निवृत्तिवेतनाचा काही भाग विकून एकरकमी पैसे घेण्याचा, निर्णय याच वेळी घ्यायचा असतो. निवृत्तिवेतनाच्या ४० टक्क्यांपर्यंत विकता येतं आणि १५ वर्षांनी ते पूर्ववत होतं. शेवटचं मूळ वेतन ६०,००० असेल तर पूर्ण निवृत्तिवेतन ३०,०००. त्यातले १२,००० विकले तर हाती १८,००० राहतात, पण महागाई भत्ता ३०,००० वरच मोजला जातो. निवृत्तीच्या एका वर्षाच्या आत अर्ज केला तर वैद्यकीय तपासणी लागत नाही. घरात बोलून ठरवा. अर्जात टक्केवारीचा रकाना कोरा सोडू नका, कोऱ्या रकान्यावर त्रुटी लागते.

ना-देय (काही देणं बाकी नाही) आणि ना-चौकशी (चौकशी चालू नाही) प्रमाणपत्रं ही पुढची अडचण. शासकीय निवासस्थान, वाहन किंवा घरबांधणी अग्रिम, भांडार, ग्रंथालय, निवडणुकीच्या कामाचं साहित्य. शाळेच्या मुख्याध्यापकांकडे शालेय पोषण आहाराचा आणि बांधकामाचा हिशेब बाकी असतो. ग्रामसेवकांकडे लेखापरीक्षणातले जुने आक्षेप. तीन-चार ठिकाणी नोकरी झाली असेल तर प्रत्येक ठिकाणचं प्रमाणपत्र लागू शकतं, म्हणून हे अर्ज एकाच दिवशी सगळीकडे टाका, एकामागून एक नको.

तपासा : केस कार्यालयातून निघाली त्या पत्राचा जावक क्रमांक आणि तारीख तुमच्या वहीत आहे का? "गेली" हा शब्द पुरावा नाही. पत्राची झेरॉक्स घ्या आणि केसच्या प्रत्येक पानाचा फोटो मोबाईलमध्ये ठेवा.

३० जूनला निवृत्त होणाऱ्यांनी एक गोष्ट जास्तीची बघावी. १ जुलैची वेतनवाढ निवृत्तिवेतनासाठी काल्पनिक धरण्याचा लाभ २०२३ मधल्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालानंतर मिळतो. केसमध्ये ती धरली नसेल तर आताच धरून घ्या. ३१ मे वाल्यांना हा लाभ नाही.

## टप्पा ६ : नागपूरहून किंवा वित्त विभागातून आलेली त्रुटी

लातूर-धाराशिवहून नागपूर म्हणजे रात्रभराचा प्रवास. लोक जातात, दारावर थांबतात, "तुमच्या कार्यालयाला पत्र पाठवलंय" एवढं ऐकून परत येतात. महालेखापाल कार्यालयाच्या संकेतस्थळावर केसची स्थिती बघता येते, आधी ती बघा. परत पाठवल्याचं दिसलं की त्याच दिवशी आपल्या कार्यालयात जाऊन त्रुटीचं पत्र मागा.

त्रुटीपत्रात पाच मुद्दे असतील तर पाचांची उत्तरं एकदम जायला हवीत. तीन पूर्ण करून पाठवलेली केस उरलेल्या दोनांसाठी पुन्हा परत येते, आणि प्रत्येक फेरीला महिना-दीड महिना जातो. उत्तराचं पत्र स्वतः वाचल्याशिवाय जाऊ देऊ नका. मुद्दा असतो "१९९८-९९ ची सेवा पडताळणी" आणि उत्तर जातं "सेवापुस्तक सोबत जोडले आहे".

जिल्हा परिषदेत आणखी एक अडचण आहे. आदेश निघतो, पण ग्रॅच्युइटी आणि अंशराशीकरणाचे पैसे शासनाच्या अनुदानावर अवलंबून असतात. "तरतूद नाही" असं उत्तर मिळतं. तेव्हा लेखी विचारा : निवृत्तीच्या तारखेप्रमाणे केलेल्या यादीत माझा क्रमांक कितवा, मागचं अनुदान कधी आलं, कोणत्या तारखेपर्यंतच्या लोकांना दिलं. मागून निवृत्त झालेल्याला आधी पैसे मिळाले असतील तर ते या उत्तरातच उघड होतं.

## टप्पा ७ : शेवटचा महिना

शाल-श्रीफळाच्या कार्यक्रमाआधी हे उरका : निवृत्तीचा आदेश, कार्यभार हस्तांतरणाची यादी दोघांच्या सह्यांसह, अंतिम वेतन प्रमाणपत्र. हे प्रमाणपत्र कोषागारात गेलं नाही तर आदेश येऊनही पैसे सुटत नाहीत.

आणि एक गोष्ट लोकांना माहीतच नसते. रजा रोखीकरण आणि गट विम्याची रक्कम पेन्शन केसबरोबर येत नाही. ती तुमच्या कार्यालयानेच देयक करून काढायची असते. जास्तीत जास्त ३०० दिवसांची अर्जित रजा रोखीत मिळते. "पेन्शन आली की सगळं एकदम होईल" म्हणून वर्षभर थांबलेले लोक मी पाहिलेत. रजेच्या हिशेबाचा अर्ज निवृत्तीच्या महिन्यातच द्या.

## टप्पा ८ : कोषागार आणि पहिली पेन्शन

मंजुरीचे तीन आदेश असतात : निवृत्तिवेतनाचा, ग्रॅच्युइटीचा, अंशराशीकरणाचा. हाती येताच चष्मा लावून वाचा. नाव, जन्मतारीख, अर्हताकारी सेवा (पेन्शनसाठी धरलेली सेवा), शेवटचं वेतन, निवृत्तिवेतनाची रक्कम, पत्नी किंवा पतीचं नाव, कुटुंब निवृत्तिवेतनाचे दोन्ही दर (सुरुवातीचा वाढीव आणि नंतरचा नेहमीचा). ग्रॅच्युइटीची कमाल मर्यादा १ सप्टेंबर २०२४ पासून २० लाख आहे. त्यानंतर निवृत्त झालेल्या मोठ्या वेतनाच्या लोकांनी जुन्या १४ लाखांवर हिशेब थांबला नाही ना, ते बघावं.

मग ओळख पडताळणीसाठी मूळ कागद घेऊन कोषागारात स्वतः जा. पहिल्या पेन्शनमध्ये निवृत्तीच्या दुसऱ्या दिवसापासूनची थकबाकी आली का, हे पासबुकावरून मोजा. अंशराशीकरणाची रक्कम खात्यात येण्याआधीच दरमहाची कपात सुरू झाली असेल तर लगेच अर्ज द्या. १५ वर्षांची मोजणीही त्या तारखेवर ठरते.

पुढे दर नोव्हेंबरला हयातीचा दाखला. तो चुकला की डिसेंबरपासून अडचण सुरू होते.

## टप्पा ९ : तरीही अडकलं तर

या क्रमाने जा. एकदम कोर्टाची पायरी चढू नका आणि नुसते हेलपाटेही घालू नका.

पहिलं, तात्पुरतं निवृत्तिवेतन मागा. अंतिम केसला वेळ लागणार असेल तर कार्यालय प्रमुखांना ते मंजूर करता येतं, नियम १२६ त्यासाठीच आहे. विभागीय चौकशी किंवा खटला चालू असेल तर नियम १३०. चौकशीत ग्रॅच्युइटी थांबते, पण तात्पुरतं निवृत्तिवेतन थांबवता येत नाही. तसंच निवृत्तीनंतर चौकशी नव्याने सुरू करायची तर घटना चार वर्षांहून जुनी असून चालत नाही. "तुमच्यावर चौकशी आहे" असं तोंडी कुणी सांगत असेल तर दोषारोपपत्राची तारीख लेखी मागा.

दुसरं, लेखी अर्ज. एका पानाचा. वर निवृत्तीची तारीख, खाली काय मिळालं आणि काय नाही, केस कुठे आहे त्याचे जावक क्रमांक, आणि शेवटी विनंती. विलंबास प्रतिबंध करणाऱ्या २००५ च्या राज्य कायद्यात कोणतीही फाइल सर्वसाधारणपणे सात कामकाजाच्या दिवसांहून जास्त एका टेबलावर राहू नये असं आहे, त्याचा उल्लेख करा. भाषा सभ्य ठेवा. लिपिकाला शिव्या देऊन केस हलत नाही. मी त्या खुर्चीत बसलोय, एकेका टेबलावर तीन जणांचं काम असतं. पण तुमचा हक्क त्यामुळे कमी होत नाही. एक महिन्याने स्मरणपत्र, प्रत वरिष्ठांना. पेन्शन अदालत लागणार असेल तर तिथे हाच कागद द्या.

तिसरं, माहितीचा अधिकार. "माझी पेन्शन का रखडली?" असा प्रश्न विचारू नका, "का" ला उत्तर मिळत नाही. असं मागा : माझ्या प्रकरणाच्या टिपणीच्या सर्व पानांच्या प्रती, आवक-जावक नोंदवहीतील नोंदी, आणि प्रत्येक टेबलावर प्रकरण कोणत्या तारखेपासून कोणत्या तारखेपर्यंत होतं त्याचा तपशील. दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प, ३० दिवसांची मुदत. उत्तर नाही आलं तर पहिलं अपील, मग छत्रपती संभाजीनगरच्या माहिती आयोगाच्या खंडपीठाकडे दुसरं.

जपा : नागपूरच्या महालेखापालांकडे माहिती मागताना राज्याचा कोर्ट फी स्टॅम्प चालत नाही. ते केंद्राच्या अखत्यारीतलं कार्यालय आहे. दहा रुपयांची पोस्टल ऑर्डर लावा, किंवा केंद्राच्या पोर्टलवरून अर्ज करा.

चौथं, व्याज. प्रशासकीय दिरंगाईमुळे उशीर झाला तर नियम १२९-अ प्रमाणे ग्रॅच्युइटीवर निवृत्तीपासून तीन महिन्यांनंतरच्या काळाचं, आणि १२९-ब प्रमाणे निवृत्तिवेतनावर सहा महिन्यांनंतरच्या काळाचं व्याज मिळतं. दर भविष्य निर्वाह निधीचा, सध्या ७.१ टक्के. दहा लाखांची ग्रॅच्युइटी पंधरा महिन्यांनी मिळाली तर बारा महिन्यांचे ७१,००० रुपये होतात. हे आपोआप कुणी देत नाही. रक्कम जमा झाल्यावर वेगळा अर्ज करावा लागतो, आणि उशीर तुमच्यामुळे झाला नाही हे दाखवावं लागतं. इथे तुमची वही कामाला येते : कागद कधी दिले, पोच कुठे, त्रुटीचं उत्तर कधी गेलं.

पाचवं, न्यायालय. राज्य कर्मचाऱ्यांनी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजे मॅट. त्याचं खंडपीठ छत्रपती संभाजीनगरला आहे. निवेदन देऊन सहा महिने उत्तर आलं नाही तर त्यापुढच्या एका वर्षात अर्ज करायचा असतो. स्मरणपत्रं पाठवत राहिलं म्हणून ही मुदत वाढत नाही, हे लक्षात ठेवा. जिल्हा परिषद आणि अनुदानित शाळांच्या लोकांसाठी मॅट नाही, त्यांना उच्च न्यायालयाच्या खंडपीठात रिट याचिका करावी लागते. चार-पाच जणांचं गाऱ्हाणं एकसारखं असेल तर एकत्र जाता येईल का ते वकिलांना विचारा, खर्च वाटला जातो. वकिलांकडे जाताना तोंडी कहाणीआधी तारखांची यादी पुढे ठेवा : केस कधी गेली, त्रुटी कधी आली, उत्तर कधी गेलं, निवेदन कधी दिलं. प्रत्येक तारखेसमोर पोचेची प्रत लावलेली असू द्या.